'की सिग्नेचर'ला मराठीत काय म्हणावं? आणि डी मेजरमध्ये तीव्र स्वर किती?

शब्दवेडी

कीबोर्ड शिकणाऱ्या मुलांसाठी एक पुस्तिका मराठीत आणते आहे. मुलं दहा-बारा वर्षांची, बहुतेकांचे पेटीवर अलंकार आणि सरगम झालेले. अडलंय एका वाक्यावर. मूळ आशय एवढाच: डी मेजर स्केलच्या की सिग्नेचरमध्ये, म्हणजे ओळीच्या सुरुवातीला छापलेल्या खुणांत, दोन शार्प (स्वर अर्ध्याने चढवण्याच्या खुणा) असतात. मी लिहिलं, 'पांढरी दोनच्या बिलावलाच्या पट्टीनिर्देशात दोन तीव्र स्वर असतात.' मसुदा तपासणाऱ्या पेटीच्या शिक्षकांनी त्यावर काट मारून समासात लिहिलं, 'बिलावलात तीव्र स्वर नसतो.' (बिलावल म्हणजे सगळे शुद्ध स्वर; पांढरी दोन म्हणजे सी ही पहिली धरून पेटीची दुसरी पांढरी पट्टी, डी.) त्यांचं बरोबर आहे आणि मूळ पुस्तकाचंही. मग चुकलं कुठे? स्केल, शार्प आणि की सिग्नेचर, तिन्हींना शब्द हवेत. इंग्रजी शब्द देवनागरीत तसेच ठेवणं हा अगदी शेवटचा पर्याय.

पेटीचा भाता

चूक 'तीव्र'मध्ये आहे. आपलं शुद्ध, कोमल, तीव्र हे सगळं षड्जापासून मोजतात. सा हलला की ती नावंही त्याच्याबरोबर सरकतात. शार्प मात्र अक्षराला चिकटलेला असतो. एफ म्हणजे पांढरी चार, तिच्यापेक्षा अर्ध्या स्वराने वर एफ शार्प, मग सा कुठेही असो.

पांढरी दोनला सा धरून बिलावल वाजवा: सा पांढरी दोन, रे पांढरी तीन, ग काळी तीन, म पांढरी पाच, प पांढरी सहा, ध पांढरी सात, नी वरच्या सप्तकातली काळी एक, सां पुन्हा पांढरी दोन. दोनच काळ्या लागल्या. त्याच एफ शार्प आणि सी शार्प. पण कानाला त्या शुद्ध गंधार आणि शुद्ध निषाद आहेत. सा पांढरी एकवर आणलात की हीच काळी तीन तीव्र मध्यम होते. शार्पला तीव्र आणि फ्लॅटला (अर्ध्या स्वराने खाली उतरवलेल्याला) कोमल लिहीत गेलात तर हा घोळ पानोपानी होणार.

मंद्रसप्तक

मग 'चढा' आणि 'उतरा' घ्या. चढा मध्यम, उतरा गंधार हे शब्द गवयांच्या तोंडी पूर्वीपासून आहेत, अस्सल मराठी आहेत आणि मुलांना न शिकवता कळतील. घरात शब्द असताना शेजाऱ्याकडे मागायला जाऊ नये.

पेटीचा भाता

शब्द गोड आहेत, पण तेही षड्जापासूनच मोजलेले. 'चढा मध्यम' म्हटलं की मध्यम आधी आला, आणि मध्यम कुठला हे सा ठरवतो. 'चढवलेला एफ' अशी क्रियापदाची वाट धरलीत तर चालेल, कारण त्यात कोण चढवला ते दिसतं.

षड्जपंचम

माझी हरकत 'पट्टीनिर्देश' या शब्दाला आहे, आणि ती शुद्धतेची नाही, अर्थाची आहे. आपण 'पट्टी' म्हणतो तेव्हा फक्त सा कुठे ते सांगतो. तंबोरा काळी चारला लावला, तबला काळी एकला लावला, एवढंच. पाश्चात्त्यांच्या 'की'मध्ये दोन गोष्टी बांधलेल्या असतात, सा कुठे आणि सप्तक कोणतं. डी मेजर आणि डी मायनर या त्यांच्याकडे दोन वेगळ्या की. आपल्याकडे दोन्हींची पट्टी पांढरी दोनच.

पुढची अडचण त्याहून मोठी. दोन शार्पांची की सिग्नेचर पट्टी सांगतच नाही! ती डी मेजरची असू शकते किंवा बी मायनरची. बी मायनर वाजवून बघा: सा पांढरी सात, रे काळी एक, कोमल ग पांढरी दोन, म पांढरी तीन, प काळी तीन, कोमल ध पांढरी पाच, कोमल नी पांढरी सहा. त्याच सात पट्ट्या, त्याच दोन काळ्या, सा मात्र दुसरीकडे. सा न सांगणाऱ्या खुणेला 'पट्टीनिर्देश' कसं म्हणणार?

मंद्रसप्तक

ही तर मूर्च्छना झाली. बिलावलाच्या धैवताला षड्ज मानलं की आसावरी थाटाचे, म्हणजे त्या सात स्वरांच्या साच्याचे, स्वर मिळतात. ग, ध, नी कोमल, बाकी शुद्ध. नॅचरल मायनर म्हणतात ते हेच. भूपाच्या गंधाराला सा धरून मालकंस दाखवतात, त्याच्याच घरातली गोष्ट. एवढा नेमका शब्द असताना 'रिलेटिव्ह मायनर' कशाला?

षड्जपंचम

नातं समजावायला मूर्च्छना उत्तम. पण ग्रंथांतली मूर्च्छना षड्जग्राम आणि मध्यमग्राम या जुन्या स्वररचनांच्या श्रुतींवर, म्हणजे सूक्ष्म स्वरांतरांवर, उभी आहे, आणि कीबोर्डवर सगळे अर्धस्वर सारखे, प्रत्येकी १०० सेंटचे (सेंट हे स्वरांतराचं माप). पुस्तिकेत शब्द घ्या, पण एका ओळीत हा फरक सांगा.

रेषांतर

स्केलबद्दल कोणीच बोललं नाही, आणि मुलांना पहिली ठेच तिथेच लागेल. मराठी मुलाला 'स्केल' आधीच माहीत आहे, पण वेगळ्या अर्थाने. 'तुझी स्केल कुठली?' 'काळी चार.' इथे स्केल म्हणजे पट्टी, म्हणजे षड्जाची जागा. स्केलचेंजर पेटी हा त्याचा पुरावा. तिच्यात सूर जागेवर राहतात आणि वरची पट्ट्यांची चौकट सरकते, बोटं तीच आणि सा नवा. पूर्ण आणि अर्ध्या स्वरांचा क्रम जराही बदलत नाही. म्हणजे त्या पेटीत बदलते ती की, आणि नाव मात्र स्केलचं. दुकानात ९ स्केलची, १३ स्केलची पेटी मागतात, तेव्हा अर्थ हाच असतो.

पुस्तिकेत 'स्केल तीच, की बदलली' असं वाक्य आलं तर पेटी शिकलेलं मूल त्याचा नेमका उलटा अर्थ घेईल.

शब्दवेडी

असं वाक्य पान ९ वर आहेच! स्केलला 'थाट' म्हणू का?

रेषांतर

मेजरपुरतं जमेल. भातखंडे यांनी बिलावल हाच शुद्ध स्वरांचा थाट मानला आणि तोच मेजर: पूर्ण, पूर्ण, अर्ध, पूर्ण, पूर्ण, पूर्ण, अर्ध. नॅचरल मायनर म्हणजे आसावरी: पूर्ण, अर्ध, पूर्ण, पूर्ण, अर्ध, पूर्ण, पूर्ण. पण हार्मोनिक मायनरला ग आणि ध कोमल, नी शुद्ध. तो दहा थाटांत बसत नाही. कर्नाटक पद्धतीतला कीरवाणी हा त्याचा मेल, म्हणजे तिकडचा थाट. मेलोडिक मायनर चढताना फक्त ग कोमल ठेवतो, तो गौरीमनोहरी. उतरताना पुन्हा नॅचरल. शिवाय थाट गातवाजवत नाहीत, तो रागांच्या वर्गीकरणाचा साचा आहे. स्केल तर रोज घोटायची असते. मला 'स्वरक्रम' बरा वाटतो.

मांडवीकाठ

गोव्यातून एक भर. इथे चर्चच्या शाळांतून सोल्फेज (दो, रे, मी अशा नावांनी स्वरवाचन) शिकलेल्यांच्या तोंडी पोर्तुगीज नावं असतात. डी मेजर म्हणजे 'रे मायोर', मायनर म्हणजे 'मेनोर', शार्प 'सुस्तेनिदो', फ्लॅट 'बेमोल'. त्यात 'दो' कायम पांढरी एकवर, तो हलत नाही. अडचण देवनागरीची आहे. इंग्रजी अक्षर 'सी' म्हणजे पांढरी एक, आणि पोर्तुगीज स्वर 'सी' म्हणजे पांढरी सात. दोन्ही लिहायचे सारखेच. 'रे'चंही तेच, तुमचा ऋषभ सरकतो आणि आमचा रे पांढरी दोनवर घट्ट बसलेला. पुस्तिका गोव्यात जाणार असेल तर सुरुवातीलाच एका चौकटीत हे सांगा.

की सिग्नेचरला पोर्तुगीजमध्ये 'आर्मासांव द क्लाव्ह' म्हणतात, क्लेफची (ओळीच्या आरंभी कोणती रेघ कोणता स्वर ते ठरवणाऱ्या खुणेची) मांडणी अशा अर्थी. त्यात सहीही नाही आणि पट्टीही नाही.

अनुस्वार

'बेमोल'वरून आठवलं. जर्मनमध्ये मायनरला 'मोल' म्हणतात. आपलं 'कोमल' तिकडे जाऊन 'मोल' झालं असणार. ध्वनी सारखा, अर्थ सारखा, संदर्भही संगीताचाच.

रेषांतर

नाही हो. मोल आलाय लॅटिन 'मोलिस'वरून, अर्थ मऊ. मध्ययुगात बी हा स्वर दोन आकारांत लिहीत. गोल बी म्हणजे मऊ आणि उतरलेला, चौकोनी बी म्हणजे कठीण. गोल बीपासून फ्लॅटची खूण आली, चौकोनी बीपासून नॅचरलची. जर्मन लोक आजही बी फ्लॅटला 'बी' आणि बी नॅचरलला 'एच' म्हणतात. मोलिसचा संस्कृतातला भाऊबंद शोधायचाच असेल तर तो 'मृदु' आहे, कोमल नव्हे.

अनुस्वार

मृदु तर मृदु. उतरलेल्या स्वराला दोन्हीकडे 'मऊ' म्हणावंसं वाटलं, मला त्याचंच अप्रूप आहे. मग मेजर-मायनरला 'कठीण-मृदु' का नको?

षड्जपंचम

'कठीण' वाचून मुलं ते पान उलटणारच नाहीत. मेजर आणि मायनर म्हणजे मोठं आणि लहान, आणि मोठेपणा आहे तो गंधाराचा. सा ते ग चार अर्धस्वर असले तर मेजर, तीन असले तर मायनर. 'मोठ्या गंधाराचा स्वरक्रम' आणि 'लहान गंधाराचा स्वरक्रम' म्हटलं की व्याख्या नावातच येते.

मंद्रसप्तक

लांबण लागते. 'गुरू' आणि 'लघु' म्हणा, दोन अक्षरांत काम होतं.

षड्जपंचम

ते वृत्तांत गेलेले आहेत आणि तालातही. लघु, गुरू, प्लुत ही मात्रांची मापं. एकाच संगीताच्या पुस्तकात लघु एकदा काळाचा आणि एकदा अंतराचा, हे बरं नाही.

अनुस्वार

पट्टीचं मूळ कोणी सांगेल का? फूटपट्टीला आपण 'स्केल'ही म्हणतो आणि 'पट्टी'ही. मला वाटतं तिथूनच गाण्यात स्केलची पट्टी झाली.

पेटीचा भाता

मला ती वाट पटत नाही. पेटीवर बोटाखाली येते ती लाकडी पट्टीच, आणि ज्या पट्टीवर सा धरला ती गायकाची पट्टी. इंग्रजी 'की'लाही नेमके हेच दोन अर्थ आहेत, दाबायची पट्टी आणि गाण्याची पट्टी. हार्मोनियमचं पेटंट पॅरिसमध्ये १८४२ साली घेतलं गेलं, तेव्हा हा अर्थ त्यानंतरचाच असणार. 'वरच्या पट्टीत बोलणं' हा वाक्प्रचारही पेटीनेच दिला असावा.

मंद्रसप्तक

म्हणजे पट्टी हा शब्दही मिश्र वंशाचा निघाला. मी तरी 'षड्ज'च म्हणेन.

शब्दवेडी

की सिग्नेचर राहूनच जाते आहे.

रेषांतर

ती काम काय करते ते बघू, नाव त्यातून निघेल. भातखंडे लिपीत कोमल स्वराखाली आडवी रेघ आणि तीव्र मध्यमावर उभी रेघ, म्हणजे खूण प्रत्येक स्वरावर. स्टाफवर, म्हणजे पाश्चात्त्य लिपीच्या पाच ओळींवर, तोच खर्च वाचवलाय. क्लेफनंतर एकदा सांगून टाकायचं की या तुकड्यात एफ आणि सी नेहमी चढवलेले. ही खूण प्रत्येक ओळीच्या सुरुवातीला पुन्हा छापतात. तालाची खूण मात्र एकदाच.

शार्पांचा क्रम ठरलेला: एफ, सी, जी, डी, ए, ई, बी. फ्लॅटचा बरोबर उलटा. मेजरचा सा काढायला शेवटच्या शार्पच्या अर्धा स्वर वर जा. सी शार्पच्या वर डी. फ्लॅट असतील तर शेवटून दुसरा फ्लॅट हाच सा. बी, ई, ए हे तीन फ्लॅट दिसले की ई फ्लॅट, म्हणजे काळी दोन. एकच फ्लॅट असेल तर एफ, पांढरी चार. हे एवढं पाठच करावं लागतं.

मुलं इथे दोन ठिकाणी चुकतात. शार्प वरच्या ओळीवर दिसतो, म्हणून फक्त वरच्या सप्तकातला एफ चढवतात आणि खालचा साधा वाजवतात. खूण सगळ्या सप्तकांना लागू असते. दुसरी चूक मायनरमध्ये होते. बी मायनरच्या तुकड्यात निषाद चढवून काळी पाच, म्हणजे ए शार्प, सतत येतो, पण तो सुरुवातीच्या खुणांत नसतो. स्वराशेजारी वेगळा लिहितात आणि त्याचा असर त्या मात्राखंडापुरताच, म्हणजे दोन उभ्या रेघांमधल्या भागापुरताच. दोन शार्प दिसले आणि मेजर की मायनर कळेना, तर हा ए शार्प शोधायचा आणि डाव्या हाताचा शेवटचा स्वर बघायचा. तो बी असेल तर मायनर.

म्हणून मी 'आरंभखुणा' सुचवतो. ओळीच्या आरंभी असतात, सा सांगितल्याचा दावा करत नाहीत.

पेटीचा भाता

क्लेफ आणि तालाची खूणही आरंभीच असते. सगळ्याच आरंभखुणा झाल्या.

मांडवीकाठ

'चढ-उतार खुणा' म्हणा मग.

षड्जपंचम

स्वराशेजारची तात्पुरती खूणही चढ-उताराचीच. 'कायम खुणा' आणि 'तात्पुरत्या खुणा' अशी जोडी केलीत तर?

पेटीचा भाता

तुकड्याच्या मध्येच की बदलली तर 'कायम' खोटं पडतं.

आणि कुठलंही नाव घ्या, पण या भागात स्वरांना 'काळी पाच' म्हणू नका. एफ मेजरमध्ये बी फ्लॅट असतो, ए शार्प नव्हे, कारण सातही अक्षरं एकेकदाच यायला हवीत. ए शार्प लिहिलात तर ए दोनदा येतो आणि बी गायब. पेटीवर दोन्ही काळी पाचच, म्हणून आपल्या नावांत हा फरक दिसत नाही. काळी तीनला सा धरलात तर एफ शार्प म्हणून सहा शार्प, जी फ्लॅट म्हणून सहा फ्लॅट. बोटं तीच, कागद पूर्ण वेगळा.

अनुस्वार

तो स्केल की ती स्केल? वर सगळ्यांनी 'ती' लिहिलंय. गायनाच्या वर्गांत 'स्केल कुठला' असंही ऐकू येतं.

मंद्रसप्तक

स्वरक्रम घ्या, पुल्लिंग आहे, वाद मिटला. पण शब्दवेडी, शुद्ध गंधाराचंही एकदा बघा. तंबोऱ्यातून आपोआप ऐकू येणारा गंधार ३८६ सेंटचा, कीबोर्डवरचा ४००. त्याला शुद्ध म्हणायचं का?

रेषांतर

कोमलच्या उलट म्हणून शुद्ध, श्रुती शुद्ध म्हणून नव्हे. त्यासाठी वेगळा धागा काढा.

शब्दवेडी

तूर्त 'स्वरक्रम' आणि 'चढवलेला एफ' घेते. शिक्षक 'चढवलेला' मान्य करतात, 'आरंभखुणा' नाही. की सिग्नेचरची जागा मसुद्यात कोरी ठेवली आहे.

पेटीचा भाता

कोरी जागा भराल तेव्हा शेजारची आकृतीही तपासा. वरच्या क्लेफमध्ये एफ शार्प सर्वांत वरच्या ओळीवर आणि सी शार्प खालून तिसऱ्या घरात हवा. अक्षरजुळणीत शार्पच्या जागी टेलिफोनच्या बटणावरचा हॅश पडतो, त्याच्याकडे नीट लक्ष द्या. हॅशच्या आडव्या रेघा सपाट असतात. शार्पच्या उभ्या रेघा सरळ आणि आडव्या रेघा उजवीकडे चढत्या. त्या सपाट पडल्या तर स्टाफच्या ओळींत मिसळून जातात आणि खूण दिसतच नाही.