इन्शाअल्लाह की माशाअल्लाह?

हा विषय माझ्या लेकीमुळे निघाला. जुन्या नाशकात, भद्रकालीजवळ आमचे नेहमीचे टेलरचाचा आहेत. दिवाळीआधी तिचा घागरा त्यांच्याकडे शिवायला टाकला होता. "शुक्रवारी नक्की ना?" असं विचारल्यावर चाचा गळ्यातली टेप सारखी करत म्हणाले, "इन्शाअल्लाह." बाहेर पडताच लेक म्हणाली, "आई, म्हणजे नाही मिळणार."

मिळाला, शुक्रवारीच. घालून ती आरशासमोर उभी राहिली आणि खुशीत म्हणाली, "इन्शाअल्लाह, काय मस्त झालाय!" चाचांनी हातातला खडू खाली ठेवला. "बेटा, हो गया ना? अब माशाअल्लाह बोलो."

खरा फरक एवढाच. व्हायच्या गोष्टीला इन्शाअल्लाह, झालेल्या गोष्टीला माशाअल्लाह. अरबीत 'शाअ' म्हणजे इच्छिले, 'इन' म्हणजे जर आणि 'मा' म्हणजे जे. एकात 'अल्लाहने इच्छिले तर', दुसऱ्यात 'अल्लाहने इच्छिले ते'. क्रियापद तेच, त्याच्या आधीचा शब्द बदलला की काळ फिरतो. मला हे फार सुंदर वाटतं.

'इन्शाअल्लाह म्हणजे टोलवाटोलवी' हा समज मात्र मनातून काढायला हवा. कुराणाच्या १८व्या सूरेत, म्हणजे अध्यायात, अल-कहफमध्ये, 'हे मी उद्या करीन' असं म्हणताना 'अल्लाहने इच्छिले तर' ही जोड द्यावी, असं सांगितलं आहे. म्हणजे मनापासून शब्द देणाराच ते म्हणतो. निफाडकडचा द्राक्ष बागायतदार ऑक्टोबर छाटणीनंतर "देवाच्या मनात असेल तर यंदा माल चांगला निघेल" म्हणतो, तेव्हा तो फवारणी सोडून घरी बसत नाही. तसंच हे. पोर्तुगीजमधला 'ऑशाला' आणि स्पॅनिशमधला 'ओहाला' हे 'असं होवो' या अर्थाचे शब्दही अशाच अरबी प्रयोगातून आलेत.

माशाअल्लाहमध्ये कौतुकाबरोबर काळजी असते. कुणाच्या बाळाला नुसतं "किती गोड!" म्हटलं आणि माशाअल्लाह राहिलं, तर आजीच्या जिवाला घोर लागतो. आपल्याकडे ते काम काजळाची तीट आणि "दृष्ट नको लागायला" करतात.

असेच आणखी काही शब्द कानावर पडतात. त्यातलं अल्हमदुलिल्लाह सोपं आहे: सर्व स्तुती अल्लाहची. "कसं चाललंय?" याचं ते उत्तर, आपल्या "देवाची कृपा"सारखं. शिंक आल्यावरही म्हणतात. त्यातला 'हम्द' आणि अहमद, महमूद, मुहम्मद ही नावं एकाच धातूची.

जजाकल्लाह म्हणजे 'अल्लाह तुम्हाला याचं फळ देवो'. बाईला म्हणताना अरबी व्याकरणानुसार जजाकिल्लाह होतं. पुढे अनेकदा 'खैर' जोडतात. खैर म्हणजे भलं, तीच आपल्या "आता तुझी खैर नाही" मधली.

आणि कुणी गेल्याची बातमी आली की म्हणतात, "इन्ना लिल्लाहि व इन्ना इलैहि राजिऊन". आम्ही अल्लाहचेच आणि त्याच्याकडेच परतणार. सोसायटीच्या ग्रुपवर हे वाचलं की कसं उत्तर द्यावं, हे खूप जणांना सुचत नाही. पाठ नसलेला अरबी शब्द ओढूनताणून टाकायची गरज नाही. "तुमच्या दुःखात सहभागी आहोत" एवढं लिहावं, आणि जमलं तर घरी जाऊन यावं.