अनुभव धागा : घरी केलेले बेकरीसारखे पॅटिस

पुण्यात वाढलेल्यांना पॅटिस म्हटले की रगड्यातले किंवा उपवासाचे आठवत नाही. आठवते ते बेकरीतले, कागदाला तुपकट डाग पाडणारे, बटाट्याच्या सारणाचे आणि पहिल्या घासाबरोबर अंगभर पापुद्रे सांडणारे. गेली दोन वर्षे मी ते घरी करते आहे. पाव किलो मैदा, दोनशे ग्रॅम बिनमिठाचे लोणी, चमचाभर लिंबाचा रस, चवीपुरते मीठ आणि साधारण १२५ मिलिलिटर बर्फाचे पाणी हे माझे प्रमाण आहे. लोण्याची वडी पोळीत बंद करून लाटायचे आणि तीन पदरी घडी घालायची, असे सहा वेळा केले की लोण्याचे ७२९ थर होतात. भट्टीत कणकेतल्या पाण्याची वाफ होते, लोण्यामुळे सुटे राहिलेले पदर ती उचलून धरते आणि पॅटिस फुलते. आपले अनुभव, विशेषतः फसलेले, कृपया सविस्तर लिहावेत.

नागपूरहून लिहिते आहे. मे महिन्यात दुपारी हा घाट घातला आणि तिसऱ्या घडीलाच लोणी पोळीतून बाहेर आले. भाजल्यावर हाती आली ती तुपात भिजलेली कडक पुरी. लोणी ३२ ते ३५ अंशांना वितळते आणि आमचे स्वयंपाकघर त्याहून तापलेले असते, हे तेव्हा ध्यानात घेतले नव्हते. आता पहाटे पाचला सुरुवात करते, पोळपाटाऐवजी फ्रीजमध्ये गार केलेले स्टीलचे मोठे ताट पालथे घालून त्यावर लाटते, आणि दर दोन घड्यांनंतर कणीक अर्धा तास फ्रीजमध्ये ठेवते. बोट दाबल्यावर खळगा पडावा, पण बोटाला लोणी लागू नये, इतकी ती गार हवी.

माझे पदर उत्तम सुटत, पण तळ कच्चा राही. दोष सारणाचा होता. बटाटे कुकरमध्ये पाण्यात न बुडवता वाफवावेत, वाटाणे कपड्यावर कोरडे करावेत आणि सारण पूर्ण निवल्याशिवाय भरू नये, कारण कोमट सारणानेही खालचे लोणी वितळते.

गोव्यात आम्ही चोरिसाचे, म्हणजे डुकराच्या मांसाच्या मसालेदार सॉसेजचे, पॅटिस करतो. चोरिस आधी कांद्याबरोबर परतून त्याची सुटलेली चरबी निथळून काढावी लागते.

जर्मनीत तयार पदरांची गुंडाळी दुकानात मिळते, त्यामुळे आमचे काम सोपे आहे. मात्र वेष्टनावर लोणी आहे की वनस्पती तेल, हे वाचून घ्यावे. सारणात मी आईने पाठवलेला कांदा-लसूण मसाला घालते.

नागपूरच्या ताईंच्या म्हणण्यात थोडी भर घालतो. भट्टी २०० अंशांवर आधीच तापलेली हवी. ती थंड असेल तर वाफ धरण्याआधीच लोणी वाहून जाते. आम्ही अंडे खात नसल्याने वरून दूध लावतो, पण दुधाचा एक ओघळ कापलेल्या कडेवर उतरला तरी तिथले पदर एकमेकांना चिकटतात आणि पॅटिस एका बाजूला कलते. म्हणून ब्रश जवळजवळ कोरडा असावा. कडांचे कापलेले तुकडे मळून गोळा करू नयेत. एकावर एक रचून, जिरे पेरून, लाटून भाजले की त्यांची खारी होते. आमच्याकडे मुले पॅटिसआधी तीच संपवतात.