लिम गिओंगने अभिनय सोडला ते बरंच झालं

रातकिडा:
परवा 'गुडबाय साउथ, गुडबाय' (1996) पुन्हा पाहिला. तैवानचा दिग्दर्शक होउ श्याओ-श्येनचा सिनेमा. त्यातला फ्लॅटहेड, तो डोकेफिरू पोरगा, म्हणजे लिम गिओंग. मूळचा रॉक गायक, 1990 साली तैवानी होक्कियन या तिथल्या भाषेतल्या गाण्याने गाजलेला. होउने त्याला आधी 'द पपेटमास्टर'मध्ये (1993) घेतलं, मग 'गुड मेन, गुड विमेन'मध्ये आणि मग यात. इथे संगीतही त्याचंच. माझं मत विचाराल तर नट बेतास बात, संगीतकार मात्र बाप माणूस.

कोपऱ्यातली खुर्ची:
बेतास बात? मोटरसायकलींचा तो लांबच लांब शॉट आठवा. हिरवा डोंगर, वळणावळणाचा रस्ता, संवाद नाही. कुठेही पोचायचं नसलेली माणसं नुसती वर वर जातायत. त्या गाडीवर शिकलासवरलेला नट बसवला असता तर त्याने तिथेही 'अभिनय' केला असता.

रातकिडा:
त्याच शॉटचा आवाज बंद करून बघा, मग बोलू.

अर्धविराम:
खुर्चीराव, 'पपेटमास्टर'चं काय? कठपुतळीवाले ली त्येन-लू स्वतः कॅमेऱ्यासमोर बसून आपली कहाणी सांगतात आणि लिम त्यांचं तरुणपण करतो. म्हातारा बोलायला लागला की तरुण कोण होता हेच विसरायला होतं!

कोपऱ्यातली खुर्ची:
होउचा कॅमेरा पार अंगणापलीकडे. तिथून कुणाचा चेहरा दिसतो? तो दोष लिमच्या माथी का? आणि म्हाताऱ्यापुढे कोण टिकलं असतं, सांगा.

रातकिडा:
बरं, तो मुद्दा सोडला. पण होउच्याच 'मिलेनियम माम्बो'ची (2001) सुरुवात घ्या. निळ्या उजेडातला पादचारी पूल, नायिका शू ची चालतेय, मधेच मागे वळून बघते, आणि खाली लिमचं टेक्नो, म्हणजे ठेक्याचं इलेक्ट्रॉनिक संगीत, धडधडतंय. पुढे होउच्याच 'द असॅसिन'च्या संगीतासाठी 2015 मध्ये कान चित्रपट महोत्सवात पुरस्कार. तिकडे चीनमध्ये दिग्दर्शक जिआ झांगकेने 'स्टिल लाइफ'साठी बोलावलं ते वेगळंच. नट म्हणून कुणी बोलावलं असतं का?

कोपऱ्यातली खुर्ची:
होउच्या चौकटीत तासन्‌तास उभं राहिलेल्या माणसालाच कळतं की तिथे किती कमी वाजवायचं. संगीत तिथूनच आलंय.

अर्धविराम:
टेक्नो आणि कमी वाजवणं? 😄

कोपऱ्यातली खुर्ची:
'असॅसिन'बद्दल बोलतोय हो. असो. फ्लॅटहेडसाठी दुसरा नट सुचवा, मग मानतो.

रातकिडा:
नट जॅक काओ सुचवला असता, पण तो तर आधीच त्याच सिनेमात आहे... नाही सुचत बुवा. पण मत तेच.