पिवळा चापडा, हिरवा चापडा

आंबोलीत एकाच रात्री पिवळा आणि हिरवा असे दोन चापडे (हा एक विषारी साप) दिसले, त्या दोन जाती का, असं एकाने विचारलंय. वर्णनावरून दोन्ही मलबारी चापडेच वाटतात. पश्चिम घाटाबाहेर न सापडणारी ही जात, आणि तिच्यात हिरवा, तपकिरी, पिवळा, नारिंगी असे बरेच रंग असतात. बांबूतला चापडा मात्र वेगळा.

डोळा आणि नाकपुडी यांच्यामधल्या खळगीतून चापड्याला उष्णता जाणवते, त्यामुळे मिट्ट काळोखातही उंदीर टिपता येतो. शिकारीमागे धावणं नाहीच. पावसाळ्यात ओढ्याकाठच्या फांदीवर नाहीतर दगडावर वेटोळं घालून बसायचं, बेडूक किंवा पाल टप्प्यात येईपर्यंत. मादी अंडी घालत नाही, थेट पिल्लंच देते.

हलत नाही म्हणून फोटोवाले अगदी नाकाशी कॅमेरा नेतात, तेवढं टाळा. दंशाने माणूस सहसा दगावत नाही, पण सूज आणि वेदना भयंकर असतात. शिवाय आपल्याकडचं प्रतिविष नाग, मण्यार, घोणस आणि फुरसं या चौघांच्या विषावर बेतलेलं आहे, चापडा त्यात नाही.