मदत हवी आहे: रशीद बुजेद्रा सहलेखक असलेल्या चित्रपटासाठी मराठी सबटायटल्स

नमस्कार मंडळी. 'क्रोनिकल ऑफ द इयर्स ऑफ फायर' (१९७५, कान महोत्सवात पाम दॉर हा सर्वोच्च पुरस्कार) या अल्जेरियन चित्रपटाची मराठी सबटायटल्स करतोय. दिग्दर्शक मोहम्मद लखदर-हमिना. पटकथेत त्यांच्यासोबत तौफिक फारेस आणि कादंबरीकार रशीद बुजेद्रा. बुजेद्रांचं नाव परिचयात गळू नये, म्हणून ते मुद्दाम घालणार आहे.

अडचण वेळेची. चित्रपट १७७ मिनिटांचा, सेकंदाला २४ फ्रेम्स. हाताशी असलेली इंग्रजी फाइल २५ फ्रेम्सच्या, म्हणजे साधारण १७० मिनिटांच्या प्रतीवरची. त्यामुळे सबटायटल्स संवादाच्या आधीच येतात. मध्यंतरापर्यंत साडेतीन, शेवटी सात मिनिटांचा फरक. सगळ्या वेळा सारख्या पुढे सरकवून हे सुटत नाही, १.०४१७ ने गुणाव्या लागतात. तेही केलं. तरी काही प्रसंगांनंतर फरक अचानक उडी मारतो, म्हणजे त्या प्रतीत काटछाट असणार.

अशा जागा आवाजाच्या आलेखावरून झटपट कशा शोधायच्या? आणि दुसरं: संवाद अरबी आणि फ्रेंच (तेव्हाच्या राज्यकर्त्यांची भाषा), दोन्ही आहेत. सत्ता कोणाच्या भाषेत बोलते हे प्रेक्षकाला कळायलाच हवं. फ्रेंच संवाद वेगळे दिसावेत म्हणून देवनागरी तिरकी केली की जोडाक्षरं वाचवत नाहीत. फ्रेंचसाठी फिकट पिवळा रंग पडद्यावर चालेल का?