मदत हवी आहे: माइनक्राफ्ट चालू असताना उशिरा गेलं तर आत जाताच येत नाही

अर्धीपोळी
नमस्कार मंडळी. गेममधलं मला फारसं कळत नाही हे आधीच सांगून टाकते. तर झालंय असं की माझे तीन भाचे, दोन कोल्हापूरला बहिणीचे आणि एक न्यू जर्सीला भावाचा, दर शनिवारी सकाळी साडेसातला माइनक्राफ्ट, ते ठोकळ्यांनी जग बांधायचं, खेळायला बसतात, म्हणजे तिकडे शुक्रवारी रात्रीचे दहा, त्या पोराला आठवड्यात तेवढी एकच रात्र जागायची परवानगी आहे. जग त्याचं, त्याच्या आयपॅडवर. मी पुण्यात. मला साडेसातला बसणं शक्य नाही, सासूबाईंचा नाश्ता औषधं, दूधवाला, पोळ्या, हे सगळं उरकून मी मोकळी होते साडेआठला आणि तोपर्यंत यांचा खेळ अगदी रंगात आलेला असतो. आणि मला काही केल्या आत जाता येत नाही.

मे महिन्यात मी आठ दिवस कोल्हापूरला होते तेव्हा धाकट्याच्या टॅबवरच्या जगात मी कधीही घुसायचे, जेवून आले की घुस, भांडी झाली की घुस, काही अडचण नव्हती. आता माझ्या फोनवर प्ले दाबून फ्रेंड्समध्ये गेलं की ठणठणाट. पोरं फोनवर ओरडतायत की आम्ही आतच आहोत. मग लॅपटॉपवर बघितलं तर तिथे मेनूच निराळा, त्यात हे फ्रेंड्स प्रकरण सापडलंच नाही. चालू खेळात मधेच जाता येत नाही असा काही नियम आहे का? असेल तर तसं सांगा, शनिवारी पोळ्या उशिरा करीन.

रात्रपाळी
पोळ्या वेळेवर करा, तसा नियम नाही. माइनक्राफ्टमध्ये कधीही जाता येतं. तुम्ही बीजीएमआय वगैरे गोळीबाराच्या गेमशी गल्लत करताय, तिथे विमानातून उड्या पडल्या की बाहेरचा माणूस त्या मॅचमध्ये येऊ शकत नाही, फार तर पुढच्या मॅचची वाट बघायची. अमंग अस नावाच्या गेममध्ये पण तेच, सहा अक्षरी कोड असला तरी राउंड सुरू झाला की थांबा.

आता प्रश्न, लॅपटॉपवर उघडलंत ते जावा का बेडरॉक?

अर्धीपोळी
जावा माझ्या ऑफिसात पोरं लिहितात ते? ते आणि हे एकच आहे का?

रात्रपाळी
भाषा तीच, पण इथे ते गेमच्या एका आवृत्तीचं नाव आहे. माइनक्राफ्टचे दोन वेगळे गेम आहेत असं समजा. बेडरॉक म्हणजे फोन, टॅब, आयपॅड, एक्सबॉक्स, स्विच, प्लेस्टेशन आणि विंडोजवरचा एक, हे सगळे एकमेकांत खेळू शकतात. जावा म्हणजे फक्त कॉम्प्युटरवरचा जुना, तो यांच्यात सरळ मिसळत नाही. २०२२ पासून कॉम्प्युटरवर दोन्ही एकत्रच विकतात आणि एकाच लाँचरमध्ये, म्हणजे गेम उघडायच्या खिडकीत, शेजारी शेजारी दिसतात त्यामुळे अर्धी दुनिया चुकीचं दार उघडते. तुमचा भाचा आयपॅडवर म्हणजे बेडरॉक. लॅपटॉप बाजूला ठेवा, फोनवरच बघू.

खाणकामगार
मी मधेच येतो. हे सगळं नेटवर्कचं असणार. आमचं कॉलेजपासूनचं टोळकं आहे सहा जणांचं, आम्ही जावावर खेळतो, मी माझ्या पीसीवर सर्व्हर चालवायचो, पोर्ट २५५६५, म्हणजे गेमचं दार, राउटरवर फॉरवर्ड केला, फायरवॉलमध्ये सोडला, सगळं बरोबर, तरी एक जण आत येईल तर शप्पथ. दोन शनिवार रविवार घालवल्यावर कळलं की राउटरच्या पानावर जो वॅन आयपी, म्हणजे राउटरचा बाहेरचा पत्ता, दिसतो तो १००.७२ ने सुरू होतोय आणि बाहेर माझा आयपी काय असं विचारलं तर तिसराच काहीतरी येतोय. १००.६४ ते १००.१२७ मधला पत्ता असेल तर समजायचं सीजीनॅट, म्हणजे एका पत्त्यामागे कंपनीने शेकडो घरं कोंबलेली असतात, तुमच्या राउटरवर कितीही दारं उघडा, सोसायटीचं मेन गेट त्यांच्याकडे. ब्रॉडबँडवाल्याला फोन केला तर तो म्हणे राउटर रिस्टार्ट करा. शेवटी टेलस्केल नावाचं, मशीन थेट एकमेकांना जोडणारं सॉफ्टवेअर टाकलं सगळ्यांच्या मशीनवर, आता कोणीही रात्री दोनला सुद्धा येतो जातो.

अर्धीपोळी
@खाणकामगार तुम्ही मनापासून लिहिलंय हे कळलं पण मला त्यातलं सोसायटीचं गेट एवढंच समजलं.

बाबा_पार्टटाइम
खाणकामगार भाऊ, त्यांचा प्रॉब्लेम तो नाहीये. त्यांच्याकडे एरर येतच नाहीये, यादीच रिकामी आहे. यादी रिकामी म्हणजे नेटपर्यंत गोष्ट गेलीच नाही अजून.

ताई, मे महिन्यात चाललं कारण तुम्ही दोघं एकाच वायफायवर होतात. एका वायफायवर असलं की गेम आपोआप दाखवतो, अगदी लॉगिन केलेलं नसलं तरी. लांबून खेळायचं तर मायक्रोसॉफ्ट खात्याने साइन इन पाहिजे आणि ज्याचं जग आहे त्याच्याशी तुमची मैत्री पाहिजे, गेममधली म्हणतोय. तुम्ही नक्की कोणाच्या फ्रेंड आहात?

अर्धीपोळी
साइन इन आहे. फ्रेंडलिस्टमध्ये कोल्हापूरचे दोघं आहेत. न्यू जर्सीवाल्याला रिक्वेस्ट पाठवल्याला तीन आठवडे झाले, तो म्हणतो आत्या मला आलीच नाही. मला वाटलं टाळतोय.

बाबा_पार्टटाइम
सापडलं बहुतेक. वय काय त्याचं?

अर्धीपोळी
अकरा.

बाबा_पार्टटाइम
मग तो टाळत नाहीये. लहान मुलाचं खातं आईबापाच्या खात्याला जोडलेलं असतं आणि नवीन फ्रेंड घ्यायचा तर आईबापाची परवानगी लागते. तुमच्या भावाच्या फोनमध्ये एक्सबॉक्स फॅमिली सेटिंग्ज नावाचं अ‍ॅप असलं तर तुमची रिक्वेस्ट त्यात धूळ खात पडली असेल. नसलं तर मायक्रोसॉफ्टच्या फॅमिली पानावर जाऊन मुलाच्या प्रायव्हसी सेटिंगमध्ये बघायला सांगा, तिथे मल्टिप्लेअर म्हणजे इतरांबरोबर खेळणं एक वेगळं, मित्र जोडणं वेगळं, बोलणं चॅट करणं वेगळं, अशी बरीच बटणं आहेत. मला हे माहीत कारण माझ्या पोराने अख्खी दिवाळीची सुट्टी माझ्याशी अबोला धरला होता आणि चूक माझ्याच फोनमध्ये होती.

आणि हो, वय खोटं टाकून नवीन खातं काढा असं कोणी सांगितलं तर ऐकू नका.

पन्हाळ्याचं_धुकं
त्यापेक्षा सोपं आहे की ओ. जगाच्या सेटिंगमध्ये मल्टिप्लेअरमध्ये फ्रेंड्स ओन्लीच्या खाली फ्रेंड्स ऑफ फ्रेंड्स आहे, ते करायचं. तुम्ही कोल्हापूरच्या पोरांच्या फ्रेंड, पोरं त्याची फ्रेंड, विषय संपला.

बाबा_पार्टटाइम
होईल, पण नको. कोल्हापूरच्या पोरांनी शाळेतल्या कोणाकोणाला फ्रेंड केलंय आणि त्यांनी अजून कोणाला, काय माहीत. ती सगळी जनता त्या जगात येऊ शकते. आमच्याकडे असाच कोणीतरी आला, हाय म्हणाला, पाच मिनिटांनी पोरांनी दीड महिना खपून बांधलेला वाडा टीएनटीने उडवून गेला. पोरगी जेवली नाही त्या दिवशी. अनोळखी माणूस मधेच येऊ द्यायचाच असेल तर नव्या माणसाची परमिशन व्हिजिटर ठेवायची, मग त्याला फिरून बघता येतं पण काही फोडता येत नाही. आणि सेटिंगमध्ये कॉपी वर्ल्ड आहे, महिन्यातून एकदा एक प्रत काढून ठेवा.

पन्हाळ्याचं_धुकं
बरोबर आहे, माझा सल्ला मागे. आमच्या वेळी काउंटर स्ट्राइकला कोण पण मधेच शिरायचा आणि कोण पण जायचा, राजारामपुरीच्या कॅफेत तर खुर्ची रिकामी झाली की मागे उभा असलेला त्याच्याच बंदुकीने पुढे चालू. उडवायला वाडाच नव्हता कुणाचा.

अर्धीपोळी
अपडेट. भावाला फोन केला. तो म्हणे असलं काही अ‍ॅप नाही माझ्याकडे. वहिनीच्या फोनमध्ये निघालं. त्यात माझी रिक्वेस्ट आणि शिवाय वर्गातल्या चार पोरांच्या, बिचारी. वहिनी म्हणाली मला वाटलं जाहिरात आहे. हो म्हणाली, आणि लगेच माझ्याकडे त्याचं जग दिसायला लागलं, मी आनंदाने टॅप केलं तर आता म्हणतं अनएबल टू कनेक्ट टू वर्ल्ड. मुळात मी कंटाळले आहे पण पोरं वाट बघतायत, तिकडे बारा वाजत आलेत.

रात्रपाळी
आत्ता चालू आहे का? पटकन बघा. प्ले स्टोअरला जाऊन माइनक्राफ्ट अपडेट आहे का. पहिल्या स्क्रीनवर खालच्या कोपऱ्यात आवृत्तीचा आकडा असतो, मधे टिंबं असलेला, तो त्याचा आणि तुमचा जुळला पाहिजे. आयपॅड रात्री आपोआप अपडेट होतात, फोन बरेचदा जागा नाही म्हणून राहून जातो.

अर्धीपोळी
जागा नाही म्हणून राहून गेलंय. लग्नाचे व्हिडिओ उडवते.

अर्धीपोळी
गेले गेले गेले आत!!! मग दोन मिनिटांत बाहेर फेकली गेले, सगळेच. परत आता काय.

खाणकामगार
यजमान बाहेर गेला. बेडरॉकमध्ये जग त्याच्या आयपॅडवरच चालतं, त्याने गेम बंद केला किंवा आयपॅड लॉक झाला की जत्रा संपली, पाहुण्यांना एकटं राहता येत नाही. चोवीस तास उघडं पाहिजे तर रिअल्म म्हणून असतं, महिन्याचे पैसे भरून, त्यात मालक सोडून दहा जणांपर्यंत एका वेळी खेळू शकतात आणि मालक झोपला तरी चालू राहतं.

अर्धीपोळी
हो, भावाने आयपॅड काढून घेतला, बारा वाजले म्हणून. रिअल्मचं नाव काढलं तर वहिनी माझी रिक्वेस्ट परत नाकारेल.

पुढच्या शनिवारी बघते. सगळ्यांचे आभार, विशेषतः अबोलावाल्या बाबांचे.

अर्धीपोळी
आठवड्यानंतर परत मीच. साडेआठला गेले, पहिल्या फटक्यात आत! पण आता नवीनच. मी उतरले एका नदीकाठी, अंधार, हातात काही नाही, आणि पोरं म्हणे आम्ही डोंगरापलीकडे गावात आहोत. किती लांब, तर म्हणे जवळच, दीड दोन हजार ब्लॉक. निघाले, झॉम्बीने मारलं. परत नदीकाठी. परत निघाले, यावेळी सांगाड्याने बाण मारून. चार वेळा मेले. मी म्हटलं अरे मला उचलून घ्या की तुमच्याकडे, कमांड असते ना ती टेलिपोर्टची, वाचलंय मी. तर न्यू जर्सीवाला एकदम गंभीर आवाजात, आत्या चीट्स ऑन केले की अचीव्हमेंट्स बंद होतात. खरं आहे का हे, का मला कटवतोय?

रात्रपाळी
खरं आहे. बेडरॉकमध्ये एकदा चीट्स, म्हणजे टेलिपोर्टसारख्या कमांड, चालू करून जग उघडलं की त्या जगात अचीव्हमेंट्स, म्हणजे खेळून मिळायची पदकं, कायमच्या बंद, नंतर बंद केले तरी परत मिळत नाहीत. पोराच्या जागी मी असतो तर मी पण आत्याला नदीकाठीच ठेवलं असतं.

त्याला शो कोऑर्डिनेट्स चालू करायला सांगा, ते चीटमध्ये धरत नाहीत. वर डावीकडे तीन आकडे दिसतात, पहिला आणि तिसरा तुम्ही कुठे आहात ते, मधला उंची. पोरांनी त्यांचे आकडे सांगायचे, तुम्ही त्या दिशेने दिवसाउजेडी चालायचं. आणि एक वर्गणी काढायला लावा, नदीकाठी जिथे तुम्ही उतरता तिथे एक पेटी ठेवायची, त्यात भाकरी म्हणजे ब्रेड, दगडी तलवार, थोड्या मशाली आणि एक पलंग. उशिरा येणाऱ्याचा डबा.

पन्हाळ्याचं_धुकं
पलंग महत्त्वाचा. तिथे पोचलात की गावात पलंग टाकून त्यावर टॅप करा, मग मेलात तरी गावातच उठणार, नदीवर नाही. तीन लोकर तीन फळ्या लागतात, मेंढी दिसली की कात्रीने कापायची, मारू नका, मारून एकच मिळते. आणि एकदा गावात पोचून बाहेर पडलात तर पुढच्या शनिवारी तिथूनच सुरू होतं, हा त्रास पहिल्यांदाच.

अर्धीपोळी
अच्छा म्हणून ते सगळे मागच्या वेळी झोप झोप म्हणून ओरडत होते का? मला वाटलं मला हाकलतायत.

बाबा_पार्टटाइम
नाही हो ताई, रात्र संपवायला जगातल्या सगळ्यांनी पलंगावर जावं लागतं. तीन जण झोपले आणि चौथी नदीकाठी पळतेय तर रात्र काही सरकत नाही, सगळे पांघरुणात पडून तुमची वाट बघत असतात. मधेच येणाऱ्या माणसावर पोरं चिडतात ते बहुतेक वेळा यावरूनच.

अर्धीपोळी
आज पोचले! पेटी ठेवली होती, त्यात ब्रेड, तलवार, आणि धाकट्याने एक पाटी लावली होती, मावशीचा डबा हात लावू नये. आकडे बघत बघत गेले, वाटेत एकदाच मेले आणि ते पण स्वतःहून खड्ड्यात पडून. गावात माझ्यासाठी खोली बांधून ठेवली आहे, खिडकी स्वयंपाकघरात उघडते म्हणे, पोरांना विचारलं असं का तर म्हणे तू तिथेच असतेस ना.

एक शेवटचं विचारते, नोव्हेंबरात तिकडे घड्याळ तासभर मागे जातं ना, मग यांचे रात्रीचे दहा म्हणजे माझे साडेआठ होतील. म्हणजे मी पहिल्यापासून असेन. तेव्हा तो पेटीवाला डबा दुसऱ्या कोणाला देता येतो का, थोरला आता क्लासमुळे उशिरा येणार आहे.

रात्रपाळी
पाटीवरचं नाव बदला फक्त.