क्लासशिवाय आयआयटी जमतं का?

प्रश्न: पोरगी दहावीला ९४ टक्के, डोक्यात आयआयटी. मी एसटीत कंडक्टर. लातूरच्या क्लासची फी ऐकून बायकोचा हात गळ्यातल्या डोरल्यावर गेला, मी विषयच बदलला. क्लासशिवाय होतं का?

— दादा, खोटं कशाला बोलू, अवघड आहे. आयआयटीच्या प्रवेशाची पहिली परीक्षा, जेईई मेन, मराठीतून देता येते, पण त्यापुढची दुसरी, अ‍ॅडव्हान्स्ड, मात्र फक्त इंग्रजी-हिंदीतून. आपल्या पोरांची तिथंच गोची होते. आत्तापासून इंग्रजी पुस्तकं हातात द्या.

— आयआयटीतल्या खर्चाला घाबरू नका. उत्पन्न पाच लाखांच्या आत असेल तर ट्यूशन फी दोन तृतीयांश माफ, लाखाच्या आत पूर्ण. मेस-होस्टेल वेगळं. दाखला आधीच काढा.

— सीटचे पैसेही तयार ठेवा. २०२४ मध्ये मजुराच्या पोराची धनबाद आयआयटीची सीट १७,५०० रुपये वेळेत न भरल्यामुळं गेली. सुप्रीम कोर्टानं परत दिली, पण प्रत्येकाला दिल्ली परवडते का?